खांद्यावरचा डाग आणि बारा जणांची ज्युरी

मागच्या अंकात सहज दोन ओळी टाकल्या होत्या. १९१५ चा अमेरिकन मूकपट 'द चीट' मिळाला तर बघा, अब्रू वाचवायला एका बाईने केलेला खून आणि त्याचा कोर्टातला शेवट, तोही एक शब्द ऐकू न येता. एवढंच. तर महिनाभर पत्रं येतायत, मेल येतायत, आमच्या सोसायटीचा वॉचमन पण विचारून गेला "तो बाईवाला पिक्चर कुठला". म्हणून यावेळचं सदर सगळं त्याच विषयाला. बाकीच्यांचे प्रश्न (ते कोंबडीवडेवाले पण) पुढच्या अंकात, रागावू नका.

प्रश्न: मी कोर्टात बेलिफ म्हणून तीस वर्षं काढली, आता रिटायर आहे. तुम्ही लिहिलंत म्हणून नातवाने मोबाईलवर लावून दिला. साहेब, त्यात खून होतच नाही! तो माणूस जिवंत आहे, कोर्टात येऊन बसलाय. तुम्ही पिक्चर बघून लिहिता की न बघता? (सोलापूर)

बघून लिहितो हो, पण घाईत लिहितो. चूक कबूल. गोळी लागते, तो वाचतो, म्हणजे केस खुनाची नाही, जीव घ्यायच्या इराद्याने गोळी घातल्याची. बेलिफच्या नजरेतून सुटायचं नाहीच ते.

पण ज्यांनी बघितला नाही त्यांच्यासाठी गोष्ट सांगतो, नाहीतर पुढची उत्तरं कळायची नाहीत. न्यूयॉर्कजवळ लाँग आयलंडची श्रीमंत वस्ती. एडिथ हार्डी नावाची बाई, हौशी, खर्चिक, नवरा शेअरबाजारातला आणि सध्या हात आखडलेला. ती रेडक्रॉसच्या फंडाची खजिनदार. दहा हजार डॉलर तिच्या ताब्यात. नवऱ्याचा एक मित्र टीप देतो, ती फंडाचे पैसे लावते, पैसे बुडतात. तिथे टोरी नावाचा एक गडगंज जपानी हस्तिदंताचा व्यापारी असतो, पार्ट्यांमध्ये सगळ्यांचा लाडका. तो म्हणतो मी देतो दहा हजार, बदल्यात काय ते तुला कळलंच असेल. ती हो म्हणते. दुसऱ्या दिवशी नवऱ्याचे शेअर वर जातात, ती पत्त्यात हरले म्हणून त्याच्याकडून चेक घेते आणि टोरीला परत करायला जाते. तो म्हणतो पैशाने सौदा मोडत नाही. आणि आपल्या वस्तूंवर मालकीचा छाप मारायची जी लोखंडी मुद्रा त्याच्याकडे असते ती तापवून तिच्या खांद्यावर डाग देतो. गुराला देतात तसा. ती जमिनीवर पडलेलं पिस्तूल उचलते आणि गोळी घालते.

मग नवरा येतो. हा सीन मी नातवाला पॉज करायला सांगा म्हणेन. जपानी घराची कागदी भिंत, नवरा बाहेर, आत दिवा, त्यामुळे भिंतीवर फक्त सावली. सावली खाली घसरते आणि कागदावर रक्ताचा ओघळ उतरतो. बस. तेवढ्यात सगळं कळलं. नवरा कागद फाडून आत घुसतो, चेक बघतो, समजायचं ते समजतो, आणि पोलीस येतात तेव्हा म्हणतो गोळी मी घातली.

प्रश्न: दादा, एक बेसिक शंका. कोर्ट म्हणजे बोलणंच ना सगळं? युवर ऑनर, ऑब्जेक्शन, तारीख पे तारीख. मूकपटात वकील करणार काय, हातवारे? (मिरज)

हाच प्रश्न मलाही होता म्हणून तर मी गेल्या दिवाळीनंतर आमच्या सोसायटीच्या हॉलमध्ये हा पिक्चर लावला. भाड्याचा प्रोजेक्टर, पडदा म्हणून आमच्या घरची डबलबेडची चादर, जिची इस्त्री बायकोने करून दिली आणि वर ऐकवलं की बारसं असलं तरी एवढी धावपळ करत नाहीस. ऐन वेळी स्पीकरची वायर सापडेना, गणपतीनंतर कुणीतरी नेली होती, तर मी म्हटलं चला, आज पहिल्यांदाच नडणार नाही.

चाळीसएक लोक आले. पहिली दहा मिनिटं कुजबुज, चिवड्याचा आवाज, कुणाचा तरी फोन. कोर्टाचा सीन सुरू झाला आणि हॉल गप्प. कारण काय आहे माहितीये का, तिथे वकील जवळजवळ काही करतच नाहीत. कॅमेरा फिरतो चेहऱ्यांवर. आरोपीच्या पिंजऱ्यात नवरा. समोर टोरी, ढिम्म, डोळ्याची पापणी हलत नाही. आणि मध्ये एडिथ, जिला सगळं माहितीये आणि जिला नवऱ्याने सांगून ठेवलंय की तोंड उघडायचं नाही. आता बघा गंमत, बोलपटात तिला गप्प बसवायला दिग्दर्शकाला किती खटपट करावी लागली असती. इथे सगळेच गप्प आहेत, पण तिचं गप्प असणं वेगळं ऐकू येतं. हे वाक्य जरा जास्तच झालं पण मला दुसरं सुचत नाहीये.

आपल्याकडे त्या काळात थेटरात पाट्या (म्हणजे पडद्यावर लिहून येणारे संवाद) तीन-तीन चार-चार भाषांत यायच्या, आणि ज्यांना वाचता येत नाही त्यांच्यासाठी कुणीतरी मोठ्याने वाचायचा, खाली तबला-पेटी चालू. आमच्या हॉलमध्येही तेच झालं. पाट्या इंग्लिश, म्हणून बी विंगमधली नववीतली मुलगी आपोआप मराठीत सांगायला लागली, आणि ज्युरी "गिल्टी" म्हणते ती पाटी आली तेव्हा तिने ती वाचलीच नाही, नुसतं "अरे देवा" म्हणाली. सगळ्यांना कळलं.

हो, ज्युरी त्याला दोषी ठरवते. आणि मग एडिथ उठते, धावत पुढे जाते, सांगते गोळी मी घातली आणि हा माझा बचाव, आणि खांद्यावरचा कपडा खाली ओढून डाग दाखवते. भर कोर्टात. लोक खवळतात, टोरीच्या अंगावर जातात, त्याला जिवंत सोडतायत की नाही असं होतं, जज निकाल बाजूला ठेवतो आणि नवरा सुटतो. वकिलाचं भाषण नाही, कलम नाही. एक खांदा.

प्रश्न: मी लॉ च्या थर्ड इयरला आहे. तुम्ही म्हणता तो क्लायमॅक्स मी पाहिला आणि मला तो पटलाच नाही, कारण कायद्याने तर तिची केस ओपन अँड शट होती ना? मग एवढा ड्रामा कशाला? (डोंबिवली)

अगं शंभर टक्के. तुझा प्रश्न बाकी सगळ्यांना पुरून उरला बघ.

आपल्या कायद्याच्या भाषेत सांग ना सगळ्यांना. आयपीसी कलम १००, आता १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेचं कलम ३८, खाजगी संरक्षणाचा हक्क. बलात्काराच्या इराद्याने हल्ला होत असेल, किंवा गंभीर दुखापत होणार अशी रास्त भीती असेल, तर समोरच्याचा जीव गेला तरी तो गुन्हा नाही. आणि धोकादायक शस्त्राने किंवा तापलेल्या वस्तूने इजा करणं ह्याला जुन्या आयपीसीत कलमच होतं, ३२४, ते तुला माझ्यापेक्षा जास्त माहीत असणार. दार बंद, माणूस अंगावर आलेला, डाग दिलेला, पुढे काय होणार ते उघड. तिने पहिल्याच दिवशी पोलिसांना खरं सांगितलं असतं तर कुठलाही बरा वकील म्हणाला असता, बाई घरी जा, स्वसंरक्षण आहे. अमेरिकेतही स्वसंरक्षण होतंच की.

पण मग पिक्चर तिथेच संपला. आणि मला वाटतं खरी मेख इथे आहे. तिचा जीव वाचवायला स्वसंरक्षण पुरेसं होतं, नवऱ्याची अब्रू वाचवायला पुरेसं नव्हतं. कारण स्वसंरक्षण म्हटलं की तिला साक्ष द्यावी लागणार, रात्री परक्याच्या घरी का गेलीस, पैसे कशाचे, सौदा काय ठरला होता, सगळं उलटतपासणीत निघणार, म्हणजे अब्रू वेशीवर. म्हणून नवरा तुरुंगात जायला तयार आहे पण तिने बोलायला तो तयार नाही. पिक्चर त्याला थोर दाखवतो, मला पहिल्यांदा तो थोर वाटलाही होता, तिसऱ्यांदा बघताना नाही वाटला. तो तिला वाचवतोय का तिच्यावरचं आपलं नाव वाचवतोय?

आणि अजून एक. ती शेवटी बोलते तेव्हाही तिच्या बोलण्यावर कुणी विश्वास ठेवत नाही, खांदा दाखवल्यावर ठेवतात. हे तुझ्या पुढच्या प्रॅक्टिसमध्ये भेटेल तुला, नाव वेगळं असेल.

प्रश्न: जुन्या पिक्चरमध्ये सगळे भराभर का चालतात? (इयत्ता ७ वी, सातारा)

कॅमेरा हाताने फिरवायचे रे, सेकंदाला सोळा-अठरा-वीस चित्रं, जसा फिरवणारा तसं. नंतर ते चोवीसच्या स्पीडने चालवलं की सगळ्यांची बस सुटल्यासारखी पळापळ. नीट स्पीडने बघितलास तर माणसासारखे चालतात.

प्रश्न: आम्ही इथे मुलांबरोबर बघायला बसलो आणि अर्ध्यात मुलीने बंद केला, म्हणाली हा सरळसरळ रेसिस्ट आहे. तुम्ही मात्र 'भारी' म्हणून शिफारस केली. आता मी काय सांगू तिला? (न्यू जर्सी)

सांगा की तुझं बरोबर आहे, आणि काकांनी आधी सांगायला हवं होतं.

रेसिस्ट आहेच. शेवटची ती गर्दी कुणाच्या अंगावर जाते बघा. त्या काळात अमेरिकेत गर्दीने माणूस मारणं ही पडद्यावरची कल्पना नव्हती, खरंच चालायचं. तोच डाग एखाद्या गोऱ्या शेजाऱ्याने दिला असता तर ज्युरी, जज, प्रेक्षक इतके एकदिलाने उठले असते का? अब्रू तिची, पण चिडले ते 'आपल्या बाईला त्यांच्यातल्याने' म्हणून. ही अब्रूची भाषा आपल्याला काही नवीन नाही, तेव्हा नाक मुरडायला आपणही फार वर बसलेलो नाही.

विरोध तेव्हाही झाला. लॉस एंजेलिसमधल्या जपानी लोकांचं 'राफू शिम्पो' नावाचं पेपर होतं, त्यांनी जोरात आवाज उठवला. मग १९१८ मध्ये पिक्चर परत रिलीज केला तेव्हा काय केलं असेल? एक फूटही शूटिंग न करता पाट्या बदलल्या! टोरी झाला हाका अराकाउ, 'ब्रह्मदेशाचा हस्तिदंत सम्राट'. घर जपानी, कपडे जपानी, नोकर जपानी, माणूस ब्रह्मी. महायुद्धात जपान दोस्तांच्या बाजूने होता, त्यांना दुखवून चालणार नव्हतं, आणि ब्रह्मी लोकांची अमेरिकेत ओरडायला वस्तीच नव्हती. आज जी प्रिंट मिळते ती हीच, १९१८ ची, म्हणून तुमच्या मुलीने अराकाउ वाचलं असेल आणि मी टोरी लिहितोय.

ह्यात एक रत्नागिरीकरांसाठी. ब्रह्मदेशाचा खराखुरा राजा थिबा ह्याच्या दोन वर्षं आधी, १९१६ च्या डिसेंबरमध्ये, रत्नागिरीत वारला. इंग्रजांनी एकतीस वर्षं नजरकैदेत ठेवलेला. तिकडे हॉलिवूडमध्ये पाटी बदलून एक ब्रह्मी सम्राट तयार होतोय आणि खरा इकडे कोकणात राजवाड्याच्या गॅलरीतून समुद्र बघत संपला. काही संबंध नाही दोन्हीचा, पण मला हे एकत्र आठवल्याशिवाय राहत नाही.

आणि मुलीला अजून एक सांगा. ज्याला खलनायक केला तो नट, सेसू हायाकावा, त्याने पूर्ण पिक्चर खाल्ला. बाकीचे सगळे त्या काळच्या पद्धतीने छाती पिटतायत, केस उपटतायत, आणि हा नुसता उभा आहे. हिरॉइन फॅनी वॉर्ड, वय त्रेचाळीस, तरुण दिसण्यासाठीच प्रसिद्ध, आणि पडद्यावरचा नवरा जॅक डीन हाच तिचा खऱ्या आयुष्यातलाही. पण लोक बघायला गेले हायाकावाला. अमेरिकन बायका वेड्या झाल्या होत्या त्याच्यासाठी. १९१८ मध्ये त्याने स्वतःची कंपनी काढली, कारण असले रोल करून कंटाळला होता. पुढे चाळीस वर्षांनी 'ब्रिज ऑन द रिव्हर क्वाय' मधला कर्नल सायतो, तो हाच. त्याला ऑस्करचं नॉमिनेशन मिळालं. फ्रान्समध्ये तर ह्या 'चीट' वरून ऑपेरा झाला आणि १९३७ मध्ये फ्रेंचांनी परत पिक्चर काढला, त्यातही हायाकावाच.

म्हणजे शिफारस मी मागे घेत नाही, पण डोळे उघडे ठेवून बघायची शिफारस. अर्ध्यात बंद केला तरी चालेल.

प्रश्न: 'अब्रूसाठी मारला' म्हटलं की अमेरिकेत खरंच सोडून द्यायचे? का नुसतं सिनेमात? (पुणे, सदाशिव पेठ, आणि प्रश्न थोडक्यात विचारलाय तर उत्तरही थोडक्यात द्यावे)

थोडक्यात: हो, पुष्कळदा.

आता लांबवतो. त्याला 'अलिखित कायदा' म्हणायचे. बायकोच्या शीलावर घाला घातला म्हणून पुरुषाने मारलं तर ज्युरीतले पुरुष एकमेकांकडे बघायचे आणि सोडून द्यायचे. १८५९ मध्ये डॅनियल सिकल्स नावाच्या खासदाराने वॉशिंग्टनमध्ये भर रस्त्यात बायकोच्या प्रियकराला गोळ्या घातल्या, वकिलांनी क्षणिक वेड असा बचाव केला, सुटला. आणि मग १९०६. २५ जून, मॅडिसन स्क्वेअर गार्डन, गच्चीवरचं थेटर, शो चालू. पिट्सबर्गच्या करोडपतीचा मुलगा हॅरी थॉ उठतो आणि स्टॅनफर्ड व्हाइटला गोळ्या घालतो. व्हाइट हा त्याच इमारतीचा आर्किटेक्ट, बोला. कारण काय तर थॉची बायको एव्हलिन नेस्बिट सोळा वर्षांची असताना व्हाइटने तिच्यावर अत्याचार केला होता. वकील डेल्मस उभा राहिला आणि ज्युरीला सांगितलं की ह्याला झालेल्या वेडाचं नाव 'डिमेन्शिया अमेरिकाना', म्हणजे घरची बाई पवित्र मानणाऱ्या प्रत्येक अमेरिकन पुरुषाला होतं ते वेड! काय डोकं आहे. पहिल्या खटल्यात ज्युरीचं एकमत झालं नाही, १९०८ मध्ये वेडाच्या कारणाने निर्दोष, रवानगी वेड्यांच्या इस्पितळात, आणि १९१५ मध्ये शहाणा ठरून बाहेर. म्हणजे 'द चीट' आला त्याच वर्षी.

खटला संपायच्या आधीच १९०७ मध्ये लुबिन कंपनी त्यावर मूकपट काढून मोकळी झाली, नावच 'द अनरिटन लॉ'. सगळ्यात वाईट वाटतं एव्हलिनचं. नवऱ्याला वाचवायला तिला कोर्टात उभं राहून स्वतःवर काय झालं ते सगळं सांगावं लागलं, पेपरांनी शब्द न शब्द छापला. थॉची अब्रू राखली गेली ती तिच्या अब्रूचे धिंडवडे काढून. नंतर पोट भरायला ती स्वतःच मूकपटांत काम करायला लागली.

आणि हो, नानावटी. विचारलं नाहीत तरी तुमच्या मनात आहे. १९५९, मुंबई, नौदलाचा कमांडर, बायकोचा प्रियकर, तीन गोळ्या, मग प्रियकराच्या कमरेचा तो फेमस टॉवेल, ज्यावर कोर्टात वाद रंगला. सिकल्सनंतर बरोबर शंभर वर्षांनी. सेशन्स कोर्टाच्या ज्युरीने ८ विरुद्ध १ निर्दोष म्हटलं, जजला पटलं नाही, त्याने केस हायकोर्टात पाठवली, तिथे जन्मठेप, सुप्रीम कोर्टात १९६१ मध्ये कायम, १९६४ मध्ये राज्यपालांकडून माफी. 'त्या केसमुळे ज्युरी दुसऱ्या दिवशी बंद झाली' असं जे पेठेतले लोक सांगतात ते खरं नाही, ज्युरी आधीच आटत चालली होती आणि १९७३ च्या फौजदारी संहितेत पूर्ण गेली. झालं थोडक्यात?

प्रश्न: ह्याच्यात तर तो मरतच नाही असं कळलं. मग खरा खून असलेला मूकपट सांगा ना, आणि ज्यात बाईला जरा अक्कल असेल. (नागपूर)

'द किस', १९२९, ग्रेटा गार्बो. एमजीएम कंपनीचा आणि गार्बोचाही शेवटचा मूकपट. तोपर्यंत सगळीकडे बोलपट सुरू झाले होते, हिला मात्र कंपनी बोलू देईना, स्वीडिश उच्चार लोकांना चालतील की नाही ही धास्ती. दिग्दर्शक झाक फेडेर, युरोपातून नुकताच आणलेला.

गोष्ट फ्रान्समधल्या लिऑं शहरातली. आयरिन, नवरा म्हातारा आणि संशयी, तिचं प्रेम आंद्रे नावाच्या वकिलावर, पण ते दोघं थांबलेत. एक कॉलेजकुमार तिच्यावर लट्टू, निघताना निरोपाचा एक किस मागतो, ती लहान भावाला द्यावा तसा देते, तो पोरगा वाहवत जातो, नेमका नवरा बघतो आणि पोराला मरेस्तोवर मारायला लागतो. ती पिस्तूल उचलते. आणि दार बंद होतं. गोळी आपल्याला दिसतच नाही.

आता पुढचं लक्ष देऊन बघा. पोलीस विचारतात, किती वाजले होते? ती आठवायला लागते, पडद्यावर घड्याळ येतं, आणि काटे सरकतात. नऊ म्हणावं की अजून काही, ती ठरवते तसे काटे फिरतात. दार उघडं होतं की बंद? दार उघडतं, परत बंद होतं. म्हणजे पडद्यावर आपण आठवण बघत नाहीयोत, खोटं तयार होताना बघतोय. बोलपटात हे संवादात वाया गेलं असतं. मी हा तुकडा तीनदा मागे घेऊन बघितला आणि चहा उतू गेला.

तिचा खटला कोण लढवतो? आंद्रेच. नवरा कर्जात बुडालेला निघतो, आत्महत्या ठरते, ती सुटते. आणि मग ती आंद्रेला खरं सांगते. कोर्टाला नाही, एका माणसाला. ह्या बाईने खांदाबिंदा काही दाखवला नाही. काळ्या बुरख्याआडून इतकं शांत खोटं बोलली की ज्युरीने टाळ्या वाजवायच्या बाकी ठेवल्या. मला विचाराल तर एडिथपेक्षा हिला कोर्ट जास्त कळलं होतं. खरं सांगितलं तर खून बाजूला राहील आणि सगळे त्या किसबद्दलच विचारतील, हे तिला पक्कं ठाऊक.

प्रश्न: आपल्याकडे असं काही झालं होतं का, म्हणजे खऱ्या खटल्यावरून मूकपट? आजोबा काहीतरी मुमताज-मुमताज सांगायचे पण घरात विषय निघाला की मोठी माणसं गप्प व्हायची. (इंदूर)

इंदूरच्या मराठी घरात गप्प होणारच हो.

१२ जानेवारी १९२५, मुंबई, मलबार हिल. व्यापारी अब्दुल कादर बावला आणि मुमताज बेगम मोटारीतून जातायत. मुमताज आधी तुमच्या तुकोजीराव होळकरांच्या दरबारात होती आणि तिथून निसटून आलेली. दुसरी गाडी येऊन धडकते, माणसं उतरतात, बावलाला गोळ्या घालतात आणि मुमताजला ओढून न्यायला बघतात, तिच्या तोंडावर वार करतात. तेवढ्यात गोल्फ खेळून परतणारे काही इंग्रज लष्करी अधिकारी तिथे पोचतात आणि एकजण चक्क गोल्फच्या काठीने भिडतो. म्हणून हल्लेखोर सापडले, नाहीतर मुमताज पुन्हा इंदुरात आणि केस गायब. नऊ जणांवर खटला चालला. आरोपींपैकी सरदार फणसे ह्यांच्या बाजूने उभे राहिलेले बॅरिस्टर म्हणजे महंमद अली जिना! तिघांना फाशीची शिक्षा झाली आणि महाराजांना १९२६ मध्ये गादी सोडावी लागली.

त्याच वर्षी, १९२५ लाच, मुंबईच्या कोहिनूर कंपनीने त्यावर 'कुलीन कांता' नावाचा मूकपट काढला, दिग्दर्शक होमी मास्टर. लोक खटल्याच्या बातम्या सकाळी पेपरात वाचत होते, त्यांना पडद्यावर तेच बघायला मिळालं. आज तो बघता येत नाही. आपल्याकडे तेराशेच्या आसपास मूकपट झाले, त्यातले वीस-तीससुद्धा धड राहिले नाहीत, फिल्म वितळवून चांदी काढली, गोदामांना आगी लागल्या, उरलेलं दमट हवेने खाल्लं. पुण्याच्या लॉ कॉलेज रोडवरच्या फिल्म आर्काइव्हने, म्हणजे पी. के. नायर ह्यांनी जे मिळेल ते गोळा केलं, नाहीतर एवढेही नसते.

पण फरक बघा. 'चीट' मध्ये बाई अब्रूसाठी गोळी घालते. इथे अब्रू राजाची, गोळ्या दुसऱ्याला आणि वार बाईच्या तोंडावर.

प्रश्न: पेपरात 'ऑनर किलिंग' येतं त्याला तुम्ही 'अब्रू वाचवायला खून' म्हणाल का? दोन्हीत एकच शब्द कसा? (लातूर)

नाही म्हणणार, आणि पेपरवाल्यांनीही तो ऑनर शब्द सोडावा असं मला वाटतं. एकीकडे अंगावर आलेल्या माणसाला बाईने मारलं. दुसरीकडे मुलीने जातीबाहेर लग्न केलं म्हणून बापाने भावाने मिळून तिलाच मारलं. मराठीत आपल्याकडे अब्रू आहे, इभ्रत आहे, इज्जत आहे, शील आहे, घराण्याचं नाक आहे, एवढे शब्द असून त्या दुसऱ्या प्रकाराला साधा 'खून' हा शब्द पुरतो.

प्रश्न: कुठे बघायला मिळेल, पैसे पडतील का? (मडगाव)

'चीट' चे हक्क कधीच संपलेत, नेटवर फुकट आहे, तासाभराचा. काळोख करून बघा. कारण त्यातला अंधार मुद्दाम केलेला आहे, अर्धा चेहरा उजेडात अर्धा काळा. दिग्दर्शक सेसिल डिमिल एक किस्सा सांगायचा, त्याच सुमाराच्या दुसऱ्या पिक्चरचा आहे पण चालेल. विक्रीवाले ओरडले की अर्धाच चेहरा दिसतो तर थेटरवाले अर्धेच पैसे देतील, तर हा म्हणाला त्यांना सांगा ही रेम्ब्रांट लायटिंग आहे. मग दुप्पट पैसे लावले. 'चीट' चं शूटिंग चालू असताना तो त्याच वेळी दुसराही एक पिक्चर काढत होता, एक दिवसा एक रात्री. झोपायचा कधी देव जाणे.

प्रश्न: (लेखी नाही, तोंडी. आमच्याच सोसायटीतल्या तळमजल्यावरच्या काकू, वय ८१, खुर्च्या उचलताना.) अरे, पण त्या डागाचं पुढे काय झालं?

पुढे काही नाही दाखवत काकू. केस सुटते, दोघं हातात हात घालून मधल्या वाटेने बाहेर चालत येतात, दोन्हीकडे लोक, लग्न लागून निघाल्यासारखे, आणि संपतो.

"आणि तिचा खांदा?"

झाकलेला होता काकू.

"हं," म्हणाल्या, आणि चादरीचं दुसरं टोक धरलं घडी घालायला.